हौसाबाईंची मान

"मान हलवू नका," मी म्हणाले. "काहीही झालं तरी नाही. मला उत्तर द्यायचं तर तोंडानं द्या. मान डोलवायची नाही."

"बरं," त्या म्हणाल्या आणि सवयीनं डोलवायला गेल्याच. डोकं माझ्या दोन्ही तळव्यांत घट्ट होतं म्हणून ते जागच्या जागी राहिलं.

भाताच्या कोरड्या खाचरात त्या उताण्या पडल्या होत्या. मी त्यांच्या डोक्याशी गुडघे टेकून, कोपरं जमिनीला लावून वाकले होते. वर रस्त्याच्या कडेचे दगड निखळले होते आणि आमची जीप खालच्या बांधावर एका कुशीवर पडली होती. चाक अजून फिरत होतं. मार्च महिना, भर दुपार.

ती वडापची जीप होती, मिळतील तितकी माणसं भरून पाटणला जाणारी. मी घरून कराडकडे निघाले होते. भूलशास्त्राचं शिक्षण घेत होते, दुसरं वर्ष. पुढच्या सीटवर असल्यामुळे मला कपाळावरच्या खोकेखेरीज काही झालं नव्हतं. बाकीच्यांनाही खरचटलं, मुका मार लागला. ड्रायव्हरचं मनगट मोडलं होतं. ज्यांना चढता येत होतं ते सगळे रस्त्यावर गेले, कारण खालून ओरडून कुणाला ऐकू जाणार नव्हतं आणि त्या रस्त्याला दुपारी वाहन क्वचित. खाली आम्ही तिघंच उरलो. मी, ही बाई, आणि तिचा नवरा.

तो नवरा तिच्या डोक्यापलीकडे, माझ्या उजव्या अंगाला, सागाच्या एका खोडाला टेकून बसला होता. मला दिसत होता. तिला दिसणं शक्य नव्हतं, त्यासाठी मान वळवावी लागली असती.

"नाव काय तुमचं?"

"हौसाबाई कदम."

"आणि ह्यांचं?"

"त्यास्नीच इचारा," त्या म्हणाल्या. एवढ्या दुखण्यातही नवऱ्याचं नाव घ्यायला त्या तयार नव्हत्या.

"केरबा," मागून आवाज आला. "केरबा कदम. बाई, तुमी नर्स हाय काय?"

"डॉक्टर आहे."

"बरं झालं," ते म्हणाले.

मी हौसाबाईंना पायाची बोटं हलवायला सांगितली. हलली. गुडघा दुमडायला लावला. दुमडला. हाताची मूठ मात्र पुरती वळेना.

"मुंग्या आल्यात दोनी हातांस्नी."

"मानेत काय होतंय?"

"खिळा ठोकल्यागत वाटतंय. मागं. मधोमध."

तेवढ्यावरून मला पुरेसं कळलं. मानेचा मणका मोडला होता किंवा सरकला होता आणि आतला मज्जारज्जू अजून शाबूत होता. अजून. मोडकं हाड आणि तो रज्जू यांच्यात किती अंतर उरलं असेल ते रस्त्याकडेला कुणीच सांगू शकत नाही. एक खोकला, एक झटका, कुणी घाईनं खांद्याला धरून उठवणं, एवढ्यानंही बाई जन्माची लुळी होते. मणका वरचा असेल तर श्वासच थांबतो. यावर त्या क्षणी उपाय एकच असतो. कुणीतरी डोकं आहे तसं, धडाच्या रेषेत धरून ठेवायचं आणि दुसरी पक्की सोय होईपर्यंत सोडायचं नाही. मी त्यांचे कान मोकळे ठेवून बोटं जबड्यामागे पसरली आणि धरून राहिले.

मग मी केरबांकडे नीट पाहिलं.

जीपमध्ये मी या दोघांना भांडताना ऐकलं होतं. हौसाबाईंच्या मांडीवर नवा कुकर होता. त्याचं झाकण बसत नव्हतं म्हणून तो बदलून आणायला दोघं पाटणला निघाली होती. केरबांचं म्हणणं, बदलायचा कशाला, परतच करून टाक. कुकरचा भात म्हणजे भात नव्हे, त्याला चव ना वास. हौसाबाई म्हणत होत्या, चूल फुंकायला तुम्ही बसता का? पुढच्या सीटवरून मला हसू आलं होतं. पन्नाशीची माणसं, पण कुरबूर नव्या नवराबायकोसारखी.

आता केरबांचा चेहरा मातकट झाला होता. कपाळावर घाम, ओठ पांढरे. उजवा हात बरगड्यांच्या खाली दाबून धरला होता आणि श्वास वरच्या वर घेत होते. रक्ताचा थेंब कुठे दिसत नव्हता. जे वाहत होतं ते पोटाच्या आत.

"केरबाभाऊ, पोटात दुखतंय का?"

"न्हाई. पाय मुरगळलाय नुसता."

पाय त्यांनी दोन्ही जवळ घेतले होते. पायांना काही झालेलं नव्हतं.

"काय झालंय त्यास्नी?" हौसाबाईंनी लगेच विचारलं. डोळे कोपऱ्यात नेऊन त्या मागे बघायचा प्रयत्न करू लागल्या. मानेचे स्नायू माझ्या बोटांखाली ताठले.

"वर आभाळाकडं बघा," मी म्हणाले. "फक्त आभाळाकडं."

"पाय मुरगळलाय म्हनतोय न्हवं," केरबा म्हणाले. "तू गप पड."

मी वर रस्त्याकडे पाहून जीव खाऊन हाका मारल्या. उत्तर नाही. ती माणसं वाहन बघत वळणापलीकडे गेली असावीत. माझ्यापासून केरबा चार हातांवर होते. उठून त्यांच्यापर्यंत जायचं, नाडी बघायची, पोट चाचपायचं, आडवं करायचं, एवढंच करता आलं असतं. सलाईन नाही, रक्त नाही, माझ्याजवळ कपड्यांची एक बॅग तेवढी. पण डॉक्टरचे हात शिवशिवतात. मी उजव्या हाताची पकड किंचित सैल केली असेन, कारण केरबा माझ्याकडेच बघत होते आणि त्यांच्या ते लक्षात आलं.

"बाई," ते म्हणाले, "तुमी हात काढला तर काय हुईल?"

खोटं सांगायचं सुचलं नाही. "मान हलली तर यांचे हातपाय जातील. कदाचित श्वाससुद्धा."

"मग हिकडं याचं काई कारन न्हाई."

"केरबाभाऊ..."

"न्हाई म्हनतो न्हवं. तितंच बसा."

हे त्यांनी साध्या आवाजात सांगितलं, जीपमध्ये कुकरबद्दल बोलत होते त्याच आवाजात. आणि माझ्याकडे बघून ओठांवर बोट ठेवलं. तिला कळू द्यायचं नाही.

मी त्यांना आडवं व्हायला सांगितलं, पाय बांधावर उंच ठेवायला सांगितले. ते खोडावरून घसरत खाली आले. एक पाय बांधावर टाकला, मग थांबून दुसरा. त्या एवढ्याशा हालचालीनं त्यांना धाप लागली. ती ऐकू जाऊ नये म्हणून त्यांनी तोंडावर बाही धरली.

"यांचं डोकं फळीला बांधावं लागेल," मी म्हणाले. काहीतरी बोलत राहायला हवं होतं. "वर माणसं आली की. कापड लागेल लांबसं."

"माजा पटका घ्या की."

त्यांनी डोक्याचा पटका सोडला आणि माझ्याकडे फेकला. तो अर्ध्यावरच पडला. त्यांनी पायानं पुढे ढकलायला घेतला.

"राहू द्या," मी म्हणाले. "हलू नका तुम्हीपण."

"दोघांस्नीबी हलाय बंदी," हौसाबाई म्हणाल्या.

ऊन डोक्यावर होतं. माझ्या कपाळावरून ओघळ येत होता, घामाचा की रक्ताचा कळत नव्हतं, आणि पुसायला हात मोकळा नव्हता. तो हौसाबाईंच्या डोळ्यांत पडू नये म्हणून मी मान एका बाजूला केली होती. कोपरांत ढेकळं रुतत होती. दंड थरथरायला लागले होते.

"अवो," हौसाबाईंनी हाक मारली. "कुकर कुटं हाय?"

"हितंच हाय. झाकान चेपलंय."

"आता दुकानदार कसला बदलून देतोय."

"दुसरा घिऊ."

"तुमास्नी कुटं आवडतोय कुकरचा भात."

"आवडतो की," केरबा म्हणाले. मध्ये एक श्वास घेतला. "तुला चिडवाय म्हनत व्हतो."

हौसाबाईंच्या गळ्यातून हसण्याचा आवाज निघाला. मी घाईनं म्हणाले, "हसूसुद्धा नका हो, मावशी."

"त्यास्नी सांगा मग," त्या म्हणाल्या.

केरबांचा श्वास आता मला इथपर्यंत ऐकू येत होता, भरभर आणि उथळ. त्यांनी पुन्हा बोलायला सुरुवात केली. म्हशीला पाणी पाजायचं पुतण्याला सांगितलंय, असं म्हणाले. परसातल्या शेवग्याला यंदा शेंगा लई धरल्यात, असं म्हणाले. वाक्यं तुटत होती, पण ते बोलत राहिले. त्यांचा आवाज येत होता तोवर हौसाबाईंचे खांदे सैल असायचे आणि तो थांबला की ताठायचे. केरबांना हे कळलं असावं. म्हणूनच थांबत नव्हते.

मग ते थांबले. बऱ्याच वेळानं आवाज आला.

"हौसा."

माझ्या हातांमध्ये त्या एकदम निश्चल झाल्या. आवंढा गिळलेला मला बोटांना जाणवला.

"हं," त्या म्हणाल्या.

"हलू नको."

"न्हाई हलत."

"बाई म्हनतील... तसं ऱ्हा."

"ऱ्हाते."

त्यानंतर ते काही बोलले नाहीत.

"माजं नाव घेतलं त्यांनी," हौसाबाई मला म्हणाल्या. आवाज अगदी खालचा होता.

"एरवी नाही घेत?"

"अगं म्हनत्यात. न्हाईतर, ऐकलं का. लगीन झाल्यापासनं तेवडंच."

मी "हो का" असं काहीतरी म्हणाले. माझं लक्ष त्या बोलण्याकडे नव्हतं. मी केरबांच्या छातीकडे बघत होते. ती वर येत होती, मग बराच वेळ येत नव्हती, मग पुन्हा एकदा आली. नंतर आली नाही. डोळे उघडे होते आणि ते आमच्या बाजूला वळलेले होते.

मी डोकं धरून बसून राहिले. हौसाबाई आभाळाकडे बघत होत्या. त्यांच्या डोळ्यांच्या कोपऱ्यांतून पाणी आलं आणि माझ्या बोटांवरून खाली गेलं. मला वाटलं, ऊन डोळ्यांत जातंय. मी थोडी पुढे वाकून सावली केली.

वरून माणसं उतरली तेव्हा त्यांच्याबरोबर दुधाच्या टेम्पोचा ड्रायव्हर होता, शौकत नावाचा. धिप्पाड आणि शांत. त्यानं टेम्पोचं मागचं फळकूट काढून आणलं होतं. मी सांगत गेले तसं सगळ्यांनी केलं. खांदे, कंबर, पाय एकाच वेळी धरून, माझ्या इशाऱ्यावर हौसाबाईंना लाकडाच्या ओंडक्यासारखं एका कुशीवर घेतलं, खाली फळकूट सरकवलं, पुन्हा उताणं केलं. दोन पिशव्यांत माती भरून त्या कानांच्या दोन्ही बाजूंना लावल्या. पटका कपाळावरून फळकुटाखाली घेऊन घट्ट बांधला. तरीही मी हात काढले नाहीत.

शौकतनं केरबांकडे पाहिलं. जवळ जाऊन वाकला, नाकाशी हात धरला आणि वळून माझ्याकडे पाहत तोंड उघडलं. मी मानेनं नकार दिला. त्यानं तोंड मिटलं.

"मालक?" फळकूट उचलताना हौसाबाईंनी विचारलं.

"दुसऱ्या गाडीनं येतायत," मी म्हणाले.

"बरं," त्या म्हणाल्या आणि डोळे मिटून घेतले.

कराडपर्यंत शौकतनं तो टेम्पो इतका हळू चालवला की सायकलवाले आम्हाला ओलांडून गेले. वाटेत हौसाबाईंनी एकदा पाणी मागितलं. मी नुसते ओठ ओले केले. नवऱ्याबद्दल त्यांनी काही विचारलं नाही.

मी शिकत होते त्याच हॉस्पिटलात त्यांना नेलं. एक्स-रेत दिसलं ते असं: मानेचा पाचवा मणका सहाव्यावरून पुढे सरकला होता. आमचे हाडांचे सर्जन डॉ. कोठावळे तो फोटो बराच वेळ उजेडात धरून बघत राहिले. मग त्यांनी मला विचारलं, "डोकं कुणी धरलं होतं?" मी सांगितलं. ते म्हणाले, "ही बाई पायांनी चालत घरी जाईल." एरवी मला या शब्दांचा केवढा आनंद झाला असता.

केरबांचं शवविच्छेदन दुसऱ्या दिवशी झालं. यकृत फाटलं होतं. त्या खाचरात कुणीही, काहीही केलं असतं तरी ते वाचले नसते, असं सगळ्यांनी मला समजावलं. मला ते पटलंही. पण ते चार हातांचं अंतर मी अजून कधी कधी मनात मोजते.

हौसाबाईंच्या कवटीला दोन्ही बाजूंनी चिमटे बसवले आणि त्यांना दोरीनं वजनं लावली. त्या ताणानं मणका हळूहळू जागेवर आला. आता हाड जुळेपर्यंत तसंच पडून राहायचं होतं. कोठावळे सरांनी हौसाबाईंच्या भावाला, आनंदाला, बाजूला घेतलं.

"नवरा गेल्याचं हिला आत्ता सांगायचं नाही. धक्क्यानं अंग टाकलं, उठायला गेली, तर सगळं फुकट जाईल."

या दोघांना मूलबाळ नव्हतं. केरबांना अग्नी पुतण्यानं दिला होता. आनंदा आणि त्याची बायको पार्वती आळीपाळीनं हौसाबाईंजवळ राहू लागले. गावाहून येणाऱ्यांना वॉर्डाच्या दाराशीच बजावून आत सोडायचे. पार्वती रोज सकाळी नणंदेचं तोंड पुसायची, केस विंचरायची आणि कपाळावर कुंकू लावायची. पहिल्या दिवशी लावताना तिच्या हातून कुंकू भुवईवर सांडलं. मी ते पाहिलं. हौसाबाई छताकडे बघत होत्या.

भूलघरातलं काम आटोपलं की मी त्यांच्याकडे जायचे. पाठीला जखमा होऊ नयेत म्हणून चौघं मिळून त्यांना कुशीवर करायचे, तेव्हा डोकं मी धरायचे. त्या शेवग्याचं विचारायच्या, म्हशीचं विचारायच्या. हातातल्या मुंग्या गेल्या, मूठ वळायला लागली, ते मला दाखवायच्या. नवरा कसा आहे, दुसऱ्या कुठल्या दवाखान्यात आहे, भेटायला का येत नाही, यातलं काही त्यांनी कधीच विचारलं नाही. आनंदानं एक उत्तर तयार करून ठेवलं होतं: पाय मोडलाय, साताऱ्याला प्लास्टरमध्ये ठेवलंय. ते उत्तर द्यायची वेळच आली नाही.

मला वाटायचं, त्यांनी माझ्यावर विश्वास ठेवलाय. दुसऱ्या गाडीनं येतायत म्हटलं, त्या बरं म्हणाल्या. त्या विश्वासाचं मला फार ओझं व्हायचं. एकदा मी सरांना म्हणाले, "सर, सांगून टाकू या." ते म्हणाले, "हाड जुळू दे."

हाड जुळलं. चिमटे निघाले, मानेला कडक कॉलर चढवली आणि एका सकाळी आम्ही हौसाबाईंना हळूहळू उठवून पलंगाच्या कडेला बसवलं. इतक्या दिवसांनी उभं जग पाहून त्यांना घेरी आली. मग ती ओसरली. पाय खाली सोडून बसल्या. समोरच्या पलंगावरच्या बाईनं हात जोडले.

"आता मान ठीक हाय?" त्यांनी कोठावळे सरांना विचारलं.

"उत्तम आहे. कॉलर तीन महिने काढायची नाही. बाकी उठा, बसा, चाला."

सर मला नजरेनं खूण करून पुढच्या पलंगाकडे गेले. सांगायचं काम माझ्यावर आलं होतं. मी स्टूल ओढून बसले. तेवढ्यात पार्वती तांब्या आणि कुंकवाचा करंडा घेऊन आली. रोजच्यासारखं तिनं नणंदेचं तोंड पुसलं, बोट करंड्यात बुडवलं आणि कपाळाकडे नेलं.

हौसाबाईंनी हात वर केला आणि तिचं मनगट धरलं. मूठ चांगली घट्ट वळली होती.

"आता ऱ्हाऊ दे, वैनी," त्या म्हणाल्या.

पार्वतीच्या हातातला करंडा तसाच राहिला. आनंदा दारात उभा होता. त्यानं भिंतीकडे तोंड फिरवलं.

"मावशी," मी म्हणाले, "तुम्हाला कधी कळलं?"

"तितंच. तुमी डोस्कं धरलं व्हतं तवाच."

"मग इतके दिवस..."

"हलू नको म्हनले व्हते त्ये," त्या म्हणाल्या. "मी ऱ्हाते म्हनले व्हते. आनी तुमी सगळी एवडं जपत व्हता. तुमच्या तोंडाकडं बघून मलाच वाईट वाटायचं. म्हनलं, ह्यास्नी कशाला आनी तरास."

त्यांनी दोन्ही हातांनी कॉलर चाचपून पाहिली, हनुवटीखाली, मग मागे, नीट बसलीय का ते.

"बाई," त्यांनी विचारलं, "आता रडले तर चालंल न्हवं? मानेला काई हुयाचं न्हाई?"

"चालेल," मी म्हणाले. "काही होणार नाही."

त्यांनी पार्वतीला जवळ ओढलं आणि रडायला सुरुवात केली. आवाज वॉर्डाबाहेर, पार जिन्यापर्यंत गेला. दोन सिस्टर धावत आल्या आणि दारातच थांबल्या. कुणी त्यांना गप करायला गेलं नाही. संध्याकाळी मी पुन्हा गेले तेव्हा त्या झोपल्या होत्या. कॉलरच्या आतला फोम पार भिजला होता म्हणून तो काढून खिडकीत वाळत घातला होता आणि तोवर त्यांना दुसरी कॉलर लावून ठेवली होती.